९० मीटर वायरचा सिनेमा

शॉर्टफिल्मचं स्क्रिप्ट तयार आहे, पण प्रोड्युसर नाही, कॅमेरा जुना आहे, म्हणून सगळं अडलंय? मग आन्येस वार्दा या फ्रेंच बाईंना भेटाच.

वार्दा मूळच्या फोटोग्राफर. फिल्म स्कूलचं तोंडही पाहिलेलं नाही. तरी १९५४मध्ये, २६व्या वर्षी, त्या सेत गावच्या कोळीवस्तीत गेल्या आणि ‘ला पॉइंत कुर्त’ शूट केला. पैसे कोण देणार? त्यांनी स्वतःचीच छोटी निर्मितीसंस्था काढली आणि कलाकार-तंत्रज्ञांना भागीदार करून घेतलं. एडिटिंग केलं आलँ रेने यांनी. तेही पुढे मोठे दिग्दर्शक झाले. ‘न्यू वेव्ह’चा गाजावाजा व्हायला अजून काही वर्षं होती. लेखिका, दिग्दर्शिका, निर्माती, सगळं एकच बाई! दमछाक होणारच; पण ‘हा सीन काढा’ म्हणणारा शेठ डोक्यावर नव्हता.

खरी गंमत १९७५च्या ‘दागेरेओटिप’ची. मुलगा लहान, त्याला सोडून लांब जाणं शक्य नव्हतं. मग वार्दांनी पॅरिसमधल्या आपल्या घरातूनच साधारण ९० मीटर वायर बाहेर काढली. वायर पोचेल तिथवर शूटिंग! त्या टप्प्यात आले बेकरीवाला, खाटीक, शिंपी आणि अत्तराचं जुनाट दुकान चालवणारं एक म्हातारं जोडपं. संध्याकाळ झाली की त्यातल्या आजी अस्वस्थ होऊन दाराकडे जाऊ लागतात, पण बाहेर काही पडत नाहीत. लांबच्या लोकेशनवर घाईने पोचलेल्या युनिटला हे दिसलं असतं? मला नाही वाटत.

२००० साली सत्तरी ओलांडलेल्या वार्दा छोटा डिजिटल कॅमेरा घेऊन निघाल्या, शेतात टाकून दिलेलं वेचणाऱ्या माणसांकडे. एका हातात कॅमेरा आणि शूट काय, तर स्वतःचाच दुसरा, सुरकुतलेला हात. एकदा कॅमेरा बंद करायचाच राहिला आणि लोंबकळणारं लेन्सचं झाकण रेकॉर्ड झालं. आपण डिलीट केलं असतं. त्यांनी त्याला जॅझचं संगीत लावलं आणि झाकणाचा नाच फिल्ममध्ये ठेवला!

२०१७मध्ये त्यांना मानद ऑस्कर मिळालं, २०१९मध्ये त्या गेल्या. सुरुवात कुठून करायची? ‘क्लेओ’ हा गाजलेला सिनेमा आहेच, पण आधी तो झाकणाचा नाच बघा. फिल्मचं नाव ‘द ग्लीनर्स अँड आय’.