पीपलीतला राकेश आणि जळक्याच्या कलावतीबाई

‘पीपली लाइव्ह’ (२०१०) हा अनुषा रिझवींचा चित्रपट आपल्याला नत्थाची गोष्ट म्हणून आठवतो. जमीन लिलावात जाणार, आत्महत्या केली तर सरकार एक लाख देतं असं कळतं, आणि थोरला भाऊ बुधिया नत्थालाच पुढं करतो. वाहिन्यांच्या गाड्या गावात येतात. पण नत्थाला कुणी आपल्याकडं पाहावं असं कधीच वाटत नाही. तो नाहीसा झाल्यावर वार्ताहर त्याच्या विष्ठेवरून त्याची मनःस्थिती सांगू लागतात, इतकं त्याचं ‘प्रसिद्ध’ होणं लाजिरवाणं आहे.

प्रसिद्धीची खरी भूक राकेशला आहे. हा तालुक्याच्या पातळीवरचा बातमीदार (नवाजुद्दीन सिद्दिकी). बातमी त्यानंच शोधली. आता दिल्लीच्या वाहिनीत नोकरी हवी. माती खणून विकणारा होरी महतो खड्ड्यातच मरतो, तेव्हा ही बातमी नाही का, हा प्रश्न त्याला पडतो. दिल्लीच्या बाईंना तो पडत नाही. शेवटच्या गोंधळात राकेश जळून मरतो आणि त्याचा देह नत्थाचा समजला जातो. नाव व्हावं म्हणून धडपडणारा दुसऱ्याच्या नावावर मरतो, आणि अपघाती मृत्यू म्हणून नत्थाच्या घरी छदामही येत नाही.

यवतमाळच्या वाचकाला यात अतिशयोक्ती वाटणार नाही. आपल्याकडेही मदत एक लाखच: ३० हजार हाती, ७० हजार ठेवीत. तीही सातबारा, बँकेचं कर्ज आणि वसुलीचा तगादा सिद्ध झाला तर. नाही तर प्रकरण ‘अपात्र’. विदर्भ जनआंदोलन समितीनं चित्रपटावर आक्षेप घेतला होता. शेतकऱ्याच्या मरणावर हसू नये, हे रास्तच. पण माझ्या मते इथं हसू येतं ते पाहणाऱ्यांचं.

मारेगाव तालुक्यातल्या जळका गावच्या कलावती बांदूरकर यांनीही प्रसिद्धी मागितली नव्हती. २००८ च्या जुलैत विश्वासदर्शक ठरावावर बोलताना राहुल गांधींनी लोकसभेत या शेतकरी विधवेचं नाव घेतलं. विषय होता अणुकरार! मदत आली, हे नाकारता येत नाही. पण नाव एकदा सभागृहात गेलं की ते आपलं राहत नाही.

वैशाली येडे यांचं वेगळं. कळंब तालुक्यातल्या या शेतकरी विधवेनं ‘तेरवं’ नाटकात काम केलं होतं. जानेवारी २०१९ मध्ये यवतमाळच्या साहित्य संमेलनाचं उद्घाटन त्यांनी केलं, त्याच वर्षी लोकसभाही लढवली. आपल्याबद्दल आपणच बोलायची संधी त्यांना मिळाली.

कलावतीबाईंना ती मिळाली १५ वर्षांनी. ऑगस्ट २०२३ मध्ये अविश्वास ठरावाच्या चर्चेत अमित शहांनी त्यांचं नाव घेतलं. घर, वीज, गॅस मोदी सरकारनं दिलं म्हणाले. वार्ताहर पुन्हा त्यांच्याकडं पोचले. मदत राहुल गांधींमुळे मिळाली, शहा म्हणतात ते खरं नाही, असं बाईंनी सांगून टाकलं.