शालेय कलास्पर्धांतील परीक्षकांचा निर्णय व न्यायालयीन आव्हान : एक विवेचन

प्रस्तावना :
राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांच्या खंजिरी भजनाचा वारसा लाभलेल्या वऱ्हाडात भजन, समूहगीत, नृत्य व नाट्य यांच्या शालेय स्पर्धा उत्साहाने होतात. शेंदूरजनाघाटसारख्या गावी परीक्षक म्हणून परिसरातील महाविद्यालयांच्या प्राध्यापकांनाच पाचारण केले जाते. ‘परीक्षकांचा निर्णय अंतिम राहील’ हे वाक्य प्रत्येक नियमपत्रिकेत असते. कायद्याच्या दृष्टीने ते कितपत अंतिम आहे, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

वादाचे स्वरूप :
या प्रश्नाचे सर्वांत ठळक उदाहरण केरळ राज्यात आढळते. तेथील राज्य शालेय कलोत्सव 1957 पासून भरतो. त्यातील श्रेणीला शालान्त परीक्षेतील वाढीव गुणांची जोड मिळाल्याने निकालाविरुद्ध अपिले होऊ लागली व प्रकरणे न्यायालयांपर्यंत गेली. 2022 मध्ये केरळ उच्च न्यायालयाने अशा याचिका फेटाळताना, पालकांनी मुलांना अपयश पचविण्यासही शिकवावे, अशा आशयाचे मत व्यक्त केले. महाराष्ट्रातही चित्रकला, शास्त्रीय कला व लोककला यांतील प्रावीण्यासाठी दहावीला अतिरिक्त गुण देण्याची तरतूद करण्यात आली. कलेला गुणांचे मोल आले की निकालाला हक्काचे स्वरूप येते, हे ध्यानात घेणे आवश्यक आहे.

न्यायालयाची भूमिका :
महाराष्ट्र राज्य मंडळ विरुद्ध परितोष भूपेशकुमार शेठ या 1984 च्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने उत्तरपत्रिकांच्या फेरमूल्यांकनास नकार देणारे मंडळाचे नियम वैध ठरविले. शैक्षणिक बाबींत तज्ज्ञांच्या मताच्या जागी न्यायालयाने स्वतःचे मत ठेवू नये, हे त्यामागील तत्त्व होय. कलास्पर्धेस ते अधिकच लागू पडते. उत्तरपत्रिका पुन्हा तपासता तरी येते. रंगमंचावरील सादरीकरण मात्र त्या क्षणीच संपते.

तथापि, निर्णयाची प्रक्रिया न्यायालयाच्या कक्षेबाहेर नाही. ए. के. क्रैपाक विरुद्ध भारत सरकार (1969) या प्रकरणात वनसेवेतील निवडीचा एक उमेदवारच निवड मंडळाचा सदस्य होता. स्वतःच्या नावाचा विचार होताना तो बाजूला राहिला, तरीही पक्षपाताच्या वाजवी शक्यतेमुळे निवड रद्द झाली. तालुक्यात तबला वा नृत्य शिकविणारे मोजकेच असतात. त्यामुळे गुरूच परीक्षक व शिष्य स्पर्धक, हा प्रसंग आपल्याकडे सहज उद्भवतो.

शासकीय यंत्रणेने घेतलेल्या स्पर्धेबाबत राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 अन्वये उच्च न्यायालयात, विदर्भापुरते नागपूर खंडपीठात, दाद मागता येते. खाजगी मंडळाच्या स्पर्धेत मात्र नियमपत्रिका हाच प्रामुख्याने कराराचा आधार ठरतो व मार्ग दिवाणी दाव्याचा असतो. माहितीचा अधिकार अधिनियम, 2005 चाही येथे उपयोग होतो. 2011 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने परीक्षार्थीस स्वतःची तपासलेली उत्तरपत्रिका पाहण्याचा हक्क मान्य केला. परीक्षकाची ओळख मात्र गुप्त ठेवता येते, असेही स्पष्ट केले. त्याच न्यायाने शासकीय स्पर्धेतील स्वतःचा गुणतक्ता मागण्यास आधार मिळतो.

निष्कर्ष :
खटल्याचा निकाल लागेपर्यंत पुढील फेरी आटोपलेली असते व विद्यार्थी ती इयत्ता ओलांडून गेलेला असतो. म्हणून त्याला मिळू शकणारा खरा न्याय स्पर्धेच्या ठिकाणीच मिळावयास हवा. निकष व त्यांचे गुण आधी जाहीर करणे, स्पर्धकाशी असलेले नाते लेखी कळवून परीक्षणातून दूर होणे, प्रत्येक परीक्षकाने स्वतंत्र गुणपत्रक भरून स्वाक्षरी करणे, खाडाखोड साक्षांकित करणे आणि त्याच दिवशी तक्रार ऐकणारी समिती नेमणे, ही पथ्ये खर्चिक नाहीत. सादरीकरण संपल्यावर त्याचा जो लेखी पुरावा उरतो, तो बहुतांशी आपल्या हातच्या गुणपत्रकाचाच असतो. ते पेन्सिलीने भरावे की शाईने, हा प्रश्न म्हणूनच किरकोळ नव्हे.