नारामाची : विहाराच्या भूमीवर वसलेली पेठ आणि तिचे खाद्य

जपानमधील बौद्ध परंपरेचा अभ्यास आपल्याकडे बहुधा मूर्ती, सूत्रे आणि संप्रदाय यांच्या अंगाने केला जातो. विहाराच्या आश्रयाने वाढलेली पेठ, तिच्यातील घरे आणि त्या घरांतील चूल यांच्याकडे अभ्यासकाचे लक्ष क्वचितच जाते. वास्तविक शीलाचे नियम ग्रंथांत कसे लिहिले गेले हे जितके महत्त्वाचे, तितकेच ते भिक्खूंच्या पात्रात कसे उतरले हेही महत्त्वाचे आहे. या दृष्टीने नारा शहरातील नारामाची हा जुना भाग विशेष पाहण्यासारखा आहे. स्थानिक मार्गदर्शकासह दोन-तीन तास पायी फिरावे व वाटेत तेथील पदार्थ चाखावेत, अशा फेऱ्या तेथे चालतात. या फेरीत पुढ्यात येणारा बहुतेक घास कोणत्या ना कोणत्या विहाराशी जोडलेला असतो. आणि त्यांपैकी एक तर घास नसून घोट असतो. त्या घोटाविषयी थोडे विस्ताराने लिहावे लागेल, कारण पंचशील ग्रहण केलेल्या प्रवाशापुढे तो खरा प्रश्न उभा करतो.

इ. स. ७१० ते ७८४ या काळात नारा ही जपानची राजधानी होती. 'हेइजो' हे तिचे तेव्हाचे नाव. नव्या राजधानीत जुन्या प्रदेशातून जे विहार हलविण्यात आले त्यांत गांगो-जी हा एक प्रमुख होय. (येथील 'जी' हा आपला आदरार्थी प्रत्यय नव्हे; जपानी भाषेत त्याचा अर्थ विहार.) याचे मूळ असुका येथील विहारात. त्याच्या उभारणीसाठी ५८८ मध्ये कोरियातील पैक्चे राज्यातून भिक्खू, सुतार आणि कौले घडविणारे कारागीर आले होते, असे जपानच्या जुन्या इतिवृत्तात नमूद आहे. ७१८ मध्ये विहार नारा येथे आला, तेव्हा जुनी कौलेही बरोबर आणली गेली, आणि त्यांतील काही आजही छपरावर आहेत. नागार्जुनाच्या माध्यमिक विचारावर आधारलेल्या सानरोन संप्रदायाचे अध्ययन येथे चाले. राजधानी हलली आणि विहाराला उतरती कळा लागली. १४५१ च्या उठावातील आगीत मुख्य मंदिर भस्मसात झाले. मोकळ्या झालेल्या जागेत हळूहळू लोकांची घरे उठली आणि विहाराच्या आवारातच पेठ वसली. नारामाची ती हीच. म्हणजे आज प्रवासी ज्या गल्ल्यांतून चालतो, त्यांतील पुष्कळशी जमीन ही पूर्वीची संघभूमी आहे. ही एक गोष्ट मार्गदर्शकाने आरंभीच सांगितली नाही, तर ही फेरी केवळ खाऊगल्लीची सहल ठरते.

फेरीचा आरंभ साधारणतः रेल्वे स्थानकाजवळून होतो. तेथून हाकेच्या अंतरावर कांगो नावाचे शिंतो देवस्थान असून त्याच्या आवारात 'मान्जू' या गोड पदार्थाच्या कर्त्याचे छोटे मंदिर आहे. रिन जोइन हे त्याचे नाव. तो मूळचा चीनचा. १३४९ च्या सुमारास एका झेन भिक्खूबरोबर तो जपानमध्ये आला आणि नारा येथे राहिला, अशी परंपरा आहे. चीनमध्ये वाफवलेल्या पिठाच्या गोळ्यात मांसाचे सारण भरीत. जपानमधील भिक्खूंना ते चालणारे नव्हते. म्हणून त्याने अझुकी या बारीक तांबड्या कडधान्याचे गोड पुरण भरले. आपल्या पुरणाच्या दिंडांशी या पदार्थाचे बरेच साम्य आहे. जपानमध्ये मांसाहारावर राजाज्ञेने बंधन घालण्याची प्रथाही जुनीच. ६७५ मध्ये सम्राट तेन्मू याने वर्षातील काही महिने गाय-बैल, घोडा, कुत्रा, माकड व कोंबडी यांचे मांस खाण्यास मनाई केली होती. आज जपानभर विकल्या जाणाऱ्या या साध्या मिठाईच्या पोटात विनयाचा एक नियम दडलेला आहे, हे किती जणांच्या ध्यानी येत असेल?

तेथून दक्षिणेस उतरले की सारुसावा तळे लागते. ७४९ मध्ये हे तळे कोफुकु-जी या विहारासाठी खोदण्यात आले. पकडलेले मासे व इतर जीव पुन्हा पाण्यात सोडून त्यांना अभय देण्याचा विधी करण्यासाठी ते होते. 'सारु' म्हणजे माकड. वैशालीच्या ज्या मर्कट-ऱ्हदाच्या काठी तथागतांचे वास्तव्य झाले, त्यावरून हे नाव पडले असे तेथे मानतात. भारतीय वाचकाने क्षणभर थांबावे असे हे स्थळ आहे. काठावरून कोफुकु-जीचा १४२६ मधील पाचमजली स्तूप एरवी सुंदर दिसतो; सध्या मात्र मोठ्या दुरुस्तीचे काम चालू आहे. याच परिसरात हरणे फिरतात. त्यांच्यासाठी विकल्या जाणाऱ्या चकत्या कोंड्याच्या व पिठाच्या असून त्या माणसांनी खावयाच्या नाहीत.

पेठेत शिरताच घरांची ठेवण लक्ष वेधून घेते. दर्शनी बाजू अरुंद, लाकडी गजांच्या जाळीची, आणि आत मात्र घर लांबच लांब गेलेले. जपानी लोक थट्टेने त्याला वाम माशाचे अंथरूण म्हणतात. नगरपालिकेने असे एक घर लोकांना पाहण्यासाठी खुले ठेवले आहे. छपराच्या वळचणीला तांबड्या कापडाची गुंडाळलेली माकडे टांगलेली दिसतात. घरात जितकी माणसे तितकी माकडे. माणसावर येणारे संकट ती स्वतःवर घेतात अशी समजूत. ही श्रद्धा चीनमधील ताओ मताकडून आलेली असून तिचा धम्माशी मूळचा संबंध नाही. तरीही ती बौद्ध विहारांच्या अंगणात वाढली, हे नमूद केले पाहिजे.

येथे बहुधा पर्सिमॉनच्या पानात बांधलेली सुशी पुढे येते. नाराच्या प्रदेशाला समुद्र नाही. दक्षिणेच्या किनाऱ्यावरून मीठ लावलेला बांगड्यासारखा मासा डोंगर ओलांडून आणीत. त्याचा पातळ काप आंबट भातावर ठेवून, पानात गुंडाळून, वजनाखाली दाबून ठेवीत. पानातील तुरट द्रव्यामुळे तो टिकतो. कोकणात हळदीच्या पानात पातोळ्या उकडतात, त्याची आठवण व्हावी. पान तेथेही खावयाचे नसते.

यानंतर गांगो-जीचे उरलेले आवार. १२४४ मध्ये भिक्खूंच्या जुन्या निवासाचा एक भाग नव्याने बांधून सध्याचे मुख्य सभागृह तयार झाले. मागच्या बाजूने पाहिले असता छपराचा एक भाग निरनिराळ्या रंगांच्या कौलांचा दिसतो. असुकाहून आलेली कौले ती याच भागात. अंगणात ओळीने मांडलेले छोटे दगडी स्तूप आहेत. १९९८ मध्ये नारा येथील इतर प्राचीन वास्तूंबरोबर हा विहारही जागतिक वारसा यादीत गेला. पेठेतच थोड्या अंतरावर पाचमजली स्तूपाची जागा आहे; तो १८५९ मध्ये जळाला, पायाचे दगड राहिले.

आता त्या घोटाकडे वळू. फेरीच्या शेवटी मार्गदर्शक प्रवाशांना बहुधा साके गाळणाऱ्या दुकानात नेतो आणि लहान पेल्यांतून ती चाखावयास देतो. नारा हे शुद्ध साकेचे जन्मस्थान आहे, असे तो अभिमानाने सांगतो. हे विधान पोकळ नाही. मात्र ती साके ज्या ठिकाणी घडली ते विहारच होते. शहराच्या आग्नेयेस डोंगरात शोर्याकु-जी हा ९९२ मध्ये स्थापन झालेला विहार आहे. तेथील डोंगराचे नाव बोधी पर्वत, जपानीत बोदाइसान. आणि तेथील मद्यही त्याच नावाने प्रसिद्धीस आले. कच्चे तांदूळ व थोडा शिजलेला भात पाण्यात ठेवून ते पाणी आंबू द्यावयाचे, त्या आंबट पाण्यात पुढचे आंबवण लावावयाचे, म्हणजे आंबटपणामुळे नासविणारे जंतू वाढत नाहीत, अशी ही रीत होती. कोजीसाठी व मुख्य भातासाठी दोन्हीकडे सडलेला पांढरा तांदूळ वापरणे हीदेखील नाराच्या विहारांची देणगी. कोफुकु-जीच्या एका उपविहारातील दैनंदिनीत सोळाव्या शतकात साके तापवून टिकविल्याची नोंद आहे. पाश्चरच्या सुमारे तीनशे वर्षे आधीची.

हे कसे घडले? कारणे उघड आहेत. विहारांच्या मोठ्या जमिनी होत्या व त्यांचा तांदूळ कोठारांत येई. विहाराच्या आवारात शिंतो देवताही पूजिल्या जात आणि त्यांच्या नैवेद्यास साके लागे. पुढे ती विकली जाऊ लागली आणि विहाराच्या उत्पन्नाचे साधन झाली. भिक्खूंच्या बोलीत साकेला 'हान्न्या-तो' असे नाव पडले. यातील हान्न्या म्हणजे आपली पञ्ञा, आणि तो म्हणजे ऊन पाणी. मद्याला प्रज्ञेचे पाणी म्हणणे हा विनोद खरा, पण नियम ठाऊक असल्याशिवाय असा विनोद सुचत नाही.

नियम त्यांना पक्के ठाऊक होते. विनयाची शुद्ध परंपरा देण्यासाठी चीनचे गांजिन हे आचार्य अनेक अपयशी प्रवासांनंतर, दृष्टी गमावून, जपानला पोहोचले आणि ७५४ मध्ये नारा येथेच त्यांनी उपसंपदा दिली. पाली विनयात सागत थेराच्या प्रसंगावरून मद्यपान हे पाचित्तिय ठरले, हे वाचकांस माहीत आहे. पूर्व आशियात मान्य असलेल्या ब्रह्मजाल सूत्रात (दीघनिकायातील ब्रह्मजाल सुत्ताहून हे भिन्न) तर मद्य पिणे हा लहान दोष आणि मद्य विकणे हा दहा मोठ्या दोषांपैकी एक मानला आहे. ज्याला मद्य लाभते त्याच्यापेक्षा जो ते दुसऱ्यापर्यंत पोहोचवितो तो अधिक दोषी, असा त्यातील विचार. तेव्हा बोधी पर्वतावरील भिक्खू मोडीत होते तो त्यांच्याच ग्रंथांतील अधिक जड नियम होता. मार्गदर्शक ही बाजू सहसा सांगत नाहीत. शोध विहाराचा म्हणून तो पवित्र, असा सूर लावणे आम्हांस मान्य नाही. आणि हे सर्व ढोंग होते म्हणून नाराच्या संघाची थोरवी पुसून टाकणेही तितकेच उथळ होय. ज्या विहारांनी हे मद्य गाळले, त्यांनीच सूत्रांच्या प्रती, मूर्ती आणि अध्ययन जतन केले. सोळाव्या शतकाच्या अखेरीस विहारांची सत्ता व जमिनी गेल्या, तसा हा उद्योगही संपला. १९९० च्या दशकाच्या अखेरीस मात्र शोर्याकु-जीत जुन्या रीतीचे आंबवण पुन्हा सुरू झाले असून ते जानेवारीत लावले जाते.

पंचशील पाळणाऱ्या प्रवाशाने पेला नाकारला तर कोणास वाईट वाटत नाही. हात आडवा करून नम्रपणे मान लववावी, एवढे पुरे. अडचण येते ती दुसऱ्या पदार्थात. नारा-झुके हे येथील प्रसिद्ध लोणचे. पांढरी काकडीवजा फळे मीठ लावून साकेच्या चोथ्यात मुरवितात, चोथा पुनःपुन्हा बदलतात, आणि काही काळाने, कधी काही वर्षांनी, ती गर्द तपकिरी होतात. आठव्या शतकातील राजपुत्र नागाया याच्या वाड्याच्या जागी मिळालेल्या लाकडी पट्ट्यांवरही अशा लोणच्याचा उल्लेख आहे. या लोणच्यात मद्याचा अंश राहतोच. वास व चव दोन्ही स्पष्ट येतात. महावग्गात भिक्खूंच्या औषधी तेलात मद्य घालण्यास जी मुभा आहे, ती मद्याचा रंग, वास व चव जाणवत नसेल तरच. या कसोटीस नारा-झुके उतरत नाही, असे आमचे मत आहे. उपासकाने आपला निर्णय आपण करावा, परंतु तो जाणून करावा.

अमाझाके या गोड पेयाबाबतही एक भेद लक्षात ठेवावा. भात व कोजी यांपासून केलेली अमाझाके आपल्या आंबिलीसारखी दाट व निर्मद्य असते. साकेच्या चोथ्यापासून केलेलीत मात्र थोडा अंश असतो. दुकानात विचारले की सांगतात.

या सर्वांहून साधा असा एक पदार्थ फेरीत सहसा येत नाही, तो म्हणजे चागायु. भाजलेल्या चहाच्या पाण्यात शिजवलेली ही भाताची पातळ पेज नारा येथील घरांत पिढ्यान्‌पिढ्या खाल्ली गेली. तोदाइ-जी येथे ७५२ पासून अखंड चालत आलेल्या वसंतातील व्रतविधीशीही तिचे नाते सांगतात. ती सकाळीच खावयाची असते. त्यासाठी नारा येथे रात्रीचा मुक्काम करावा लागतो.