विस्मृत प्रेमपटांना नवा प्रेक्षक

‘जैत रे जैत’ची गाणी बीड जिल्ह्यातील बहुतेक प्रौढ वाचकांच्या कानांवरून गेली असतील, परंतु तो चित्रपट किती जणांनी पाहिला असेल? डॉ. जब्बार पटेल यांनी दिग्दर्शित केलेला हा १९७७ सालचा चित्रपट. त्याची गीते ना. धों. महानोरांची, म्हणजे मराठवाड्याच्याच मातीतली. ती आकाशवाणीने घरोघर पोहोचविली. चित्रपटाला मात्र वितरक हवा, चित्रगृह हवे आणि तिकीटखिडकीवर गर्दीही हवी. तमाशापट व विनोदी चित्रपट यांना ती सहज लाभे. संयत प्रेमकथांच्या वाट्याला बहुधा डब्यातील अंधारच आला.

महाजालावरील संग्रहांनी ही अडचण पुष्कळ अंशी दूर केली आहे. २०१३ साली सुरू झालेल्या ‘इंडियनसिने.मा’ या संग्रहात चित्रपटांबरोबर त्यांविषयीची माहिती आणि टिपणेही जपली जातात. आपल्या कायद्याप्रमाणे चित्रपटाचा स्वामित्वहक्क प्रदर्शनानंतर ६० वर्षे टिकतो. त्यामुळे व्ही. शांताराम यांचा ‘माणूस’ (१९३९) केव्हाच सर्वांचा झाला आहे. एक पोलीस शिपाई आणि एक वेश्या यांच्या प्रेमाची ही कथा. प्रेम विफल झाले तरी जगणे संपत नाही, हे ती सांगते.

हा केवळ करमणुकीचा प्रश्न नाही. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणानुसार आपल्या जिल्ह्यातील २० ते २४ वयोगटातील स्त्रियांपैकी ४० टक्क्यांहून अधिक जणींचे विवाह वयाच्या अठराव्या वर्षापूर्वीच झाले होते. ज्या घरांत मुलीला तिचे मन कोणी विचारीत नाही, तेथे आपला जोडीदार आपणच निवडणारी, स्मिता पाटील यांनी साकारलेली चिंधी पुष्कळ काही सांगून जाईल. एका चित्रपटाने रूढी मोडत नाहीत, हे खरे. पण ज्याविषयी घरात बोलता येत नाही, त्याविषयी वर्गात बोलावयास तो निमित्त देतो.

तथापि, पाहावयास मिळणे म्हणजे जतन होणे नव्हे. कोणीही महाजालावर चढविलेल्या प्रती पुष्कळदा धूसर असतात, श्रेयनामावलीही कापलेली असते, आणि आज दिसणारी प्रत उद्या नाहीशी होते. मूळ प्रती सांभाळण्याचे काम १९६४ साली पुण्यात स्थापन झालेल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयासारख्या संस्थांचेच आहे. २००३ च्या आगीत तेथील अनेक जुन्या नायट्रेट प्रती भस्मसात झाल्या, हे विसरून चालणार नाही.

शिवाय मोबाइलच्या पडद्यावर प्रेक्षक एकटाच असतो. बीड, परळी, अंबाजोगाई येथील महाविद्यालयांनी व ग्रंथालयांनी महिन्यातून एक सायंकाळ अशा चित्रपटांसाठी राखून ठेवावी. आरंभ ‘माणूस’पासून करावा, ‘जैत रे जैत’साठी हक्कधारकांची रीतसर अनुमती घ्यावी. खेळानंतर शिक्षकांनी चर्चा घडवून आणावी आणि त्या चर्चेत मुलींना आधी बोलू द्यावे. संग्रहाने चित्रपट दाराशी आणून ठेवला आहे. दार उघडण्याचे काम आपले आहे.