बनावट पत्रांवर उभे राहिलेले मंदिर

विल्यम विन वेस्टकॉट हा लंडनमधला डॉक्टर. संशयास्पद मृत्यूंची चौकशी करणारा कॉरोनर म्हणून तो नोकरीला होता. १८८७ साली त्याने सांकेतिक लिपीतले सुमारे साठ पानांचे एक हस्तलिखित उलगडले. लिपीची किल्ली ट्रिथेमियस या जुन्या जर्मन मठाधिपतीच्या ग्रंथात होती. लिपीमागची भाषा इंग्रजी निघाली आणि मजकूर निघाला दीक्षाविधींच्या आराखड्याचा. कागदांत अ‍ॅना श्प्रेंगेल नावाच्या जर्मन साधिकेचा पत्ता सापडला, तिच्याशी पत्रव्यवहार झाला आणि तिने इंग्लंडमध्ये मंदिर स्थापण्याची अनुज्ञा दिली, असे वेस्टकॉटने सांगितले. मार्च १८८८ मध्ये लंडनला 'आयसिस-युरेनिया' मंदिर सुरू झाले. ज्या पंथाचे हे मंदिर, त्याचे नाव 'गोल्डन डॉन'.

ही अ‍ॅना श्प्रेंगेल बहुधा कधी जन्मालाच आली नव्हती. इतिहासकार एलिक हौ याने १९७२ साली पंथाची कागदपत्रे तपासून पुस्तक लिहिले. तिच्या नावाची पत्रे जर्मन मातृभाषा असलेल्या व्यक्तीने लिहिलेली नाहीत, असा निष्कर्ष त्यात निघाला. वेस्टकॉटला हे करावेसे का वाटले असेल? विधीला अधिकार लागतो, आणि तो करणाऱ्याच्या पलीकडून यावा लागतो. आपल्याकडे मीमांसकांनी यज्ञाचे सामर्थ्य सिद्ध करण्यासाठी वेद अपौरुषेय मानले; त्यांना कर्ताच नाही म्हटले. लंडनच्या या डॉक्टरापाशी तशी परंपरा नव्हती, म्हणून त्याने दूरदेशीचा गुरू उभा केला. ही फसवणूक होती, यात मला शंका नाही. पण तिच्यावर जे उभे राहिले ते पोकळ नव्हते.

उभे केले ते मुख्यतः मॅकग्रेगर मॅथर्सने. हस्तलिखितात नुसता सांगाडा होता. ज्यूंची कब्बाला, इजिप्तची दैवते, ज्योतिष, टॅरोचे पत्ते, एलिझाबेथ राणीच्या काळातल्या जॉन डीची देवदूतविद्या असे सगळे मॅथर्सने एका चौकटीत बसवले. प्रत्येक ग्रहाला रंग, प्रत्येक रंगाला अंक, प्रत्येक अंकाला अक्षर आणि दैवत. एका टोकाला हात लावला की दुसरे टोक हलते, हे या तत्त्वज्ञानाचे मूळ गृहीत. त्यामुळे इथला विधी ही देवाकडे केलेली याचना नाही. शिकवून तयार केलेली इच्छाशक्ती आणि कल्पनाशक्ती यांनी केलेली ती कृती आहे. ती नीट घडली तर वास्तव बदललेच पाहिजे.

पहिल्या दीक्षेत उमेदवाराचे डोळे बांधत, कमरेला दोरीचे तीन वेढे घालत. पाण्याने शुद्धी, अग्नीने संस्कार, मग अंधारातून फेऱ्या. पूर्वेला मुख्य आचार्य, पश्चिमेला अंधाराचा रखवालदार, मध्ये एक काळा आणि एक पांढरा खांब. पट्टी सुटली की उमेदवार त्या खांबांच्या जगात उभा असे. पुढच्या वर्तुळासाठी सात भिंतींची एक खोली होती. तिची प्रत्येक भिंत आठ फूट उंच आणि पाच फूट रुंद होती, छतावर गुलाब आणि मधोमध शवपेटी. रंगकाम बरेचसे मॉयना मॅथर्सने केले. ती तत्त्वज्ञ आंरी बर्गसाँची बहीण. या पंथात स्त्रियांना पुरुषांच्या बरोबरीने प्रवेश होता, त्या आचार्यपदीही बसत. त्या काळच्या इंग्लंडमध्ये ही लहान गोष्ट नव्हती.

भारताचा धागाही यात आहे. पंथातले साधक पृथ्वीचा पिवळा चौकोन, जलाची रुपेरी कोर, तेजाचा लाल त्रिकोण, वायूचे निळे वर्तुळ आणि आकाशाचे काळपट अंडे अशी चिन्हे रंगवलेली कार्डे टक लावून पाहत आणि डोळे मिटून येणारी दृश्ये टिपत. हे आले रामप्रसाद यांच्या थिऑसॉफिस्ट मंडळींनी छापलेल्या स्वरशास्त्रावरच्या इंग्रजी पुस्तकातून. आयरिश कवी येट्स १८९० साली पंथात आला. त्याच्या आठवणीनुसार, त्याआधीच मॅथर्सने त्याच्यापुढे असे एक चिन्ह धरले होते; डोळे मिटताच त्याला वाळवंट आणि भग्नावशेषांतून उठणारा काळा महाकाय पुरुष दिसला. भारताचे हे वेड त्याला आयुष्यभर पुरले. अमरावतीजवळच्या बडनेऱ्याचे पुरोहित स्वामी पुढे त्याला लंडनमध्ये भेटले. त्यांच्या गुरूंच्या कैलासयात्रेचे मराठी वर्णन स्वामींनी इंग्रजीत आणले, त्याला येट्सने प्रस्तावना लिहिली; आणि दोघांनी मिळून केलेला दहा उपनिषदांचा अनुवाद १९३७ साली निघाला.

पंथ मात्र १९०० सालीच फुटला. श्प्रेंगेलची पत्रे वेस्टकॉटने रचली, असे मॅथर्सनेच एका पत्रात लिहून टाकले. एप्रिलमध्ये त्याने पाठवलेला अ‍ॅलिस्टर क्राउली मुखवटा घालून, स्कॉटिश पोशाखात पंथाच्या लंडनमधल्या ब्लाइथ रोडवरच्या जागेचा ताबा घ्यायला आला. प्रकरण पोलिसांपर्यंत गेले. गुरुपरंपरा खोटी ठरली, तरी येट्स गेला नाही. एका मागून एक निघालेल्या शाखांत तो पुढे वीसेक वर्षे राहिला. विधीचे सामर्थ्य त्याने अंगावर अनुभवले होते, आणि मला वाटते, त्याच्यापुरता तोच पुरावा होता.

माझ्या मते या पंथाचा खरा परिणाम रंगभूमीवर दिसतो. प्रकाश, रंग, पोशाख, ठरलेली हालचाल, उच्चाराचा नाद यांचे शिक्षण दीक्षेच्या खोलीत मिळत होते. पंथातली अभिनेत्री फ्लॉरेन्स फार हिने १८९४ साली लंडनच्या अव्हेन्यू थिएटरमध्ये नाटकांचा हंगाम केला. त्यात येट्सचे आणि शॉचे नाटक होते. पैसा नाव न सांगता दिला चहाच्या व्यापारी घराण्यातल्या अ‍ॅनी हॉर्निमनने, तीही पंथातलीच. १९०४ साली डब्लिनचे अ‍ॅबी थिएटर उभे राहिले तेही तिच्याच पैशावर.

त्याआधी येट्स आणि आयरिश राष्ट्रवादी मॉड गॉन यांचा लॉक की या सरोवरातल्या बेटावरच्या किल्ल्यात आयर्लंडचे स्वतःचे गूढमंदिर स्थापण्याचा बेत होता. त्याचे विधी येट्स वर्षानुवर्षे रचत राहिला. ते मंदिर झालेच नाही. पण १९०२ साली डब्लिनमध्ये येट्सचे 'कॅथलीन नी हूलिहान' हे छोटे नाटक झाले आणि मॉड गॉनने म्हातारीच्या रूपातली मातृभूमी साकारली. तिच्या हाकेसरशी नवरदेव लग्न सोडून लढायला जातो. ब्रिटिश राजवटीविरुद्धच्या १९१६ च्या ईस्टर उठावानंतर बंडखोरांच्या म्होरक्यांना गोळ्या घालण्यात आल्या. आपल्या त्या नाटकाने काही जणांना बंदुकीसमोर पाठवले का, हा प्रश्न येट्स मृत्यूच्या आदल्या वर्षापर्यंत स्वतःला विचारत होता.