खोकला नाही, मग छातीचा एक्स-रे कशाला?

मोहाडी तालुक्यातलं आंधळगावचं कोसा कापड उन्हासमोर धरून पाहा. एकेरी कापडातून उजेड आरपार येतो, घडी पडली तिथे अडतो. एक्स-रेचंही असंच, फक्त रंग उलटे. निरोगी फुफ्फुसात हवाच जास्त, म्हणून किरण सहज पार होतात आणि ते काळं दिसतं. हाडं किरण अडवतात, ती पांढरी उमटतात.

क्षयाचे जंतू फुफ्फुसात ठाण मांडतात तेव्हा तिथल्या हवेच्या पिशव्या सुजेने, पेशींनी भरतात. काळ्या जागी पांढुरका डाग येतो, बहुधा वरच्या भागात. रोग वाढला की आतला भाग गळून पोकळी पडते.

हा डाग खोकला सुरू होण्याआधीही असू शकतो. २०१९ ते २०२१च्या राष्ट्रीय क्षयरोग सर्वेक्षणात सापडलेल्या रुग्णांपैकी ४२.६ टक्के जण एक्स-रे नसता तर निसटलेच असते! म्हणून ‘मला काही होत नाही’ म्हणणाऱ्यानेही क्षय तपासणीच्या शिबिरात बोलावलं तर जावं, असं मला कळकळीने वाटतं. आता हातात मावणारी, बॅटरीवरची यंत्रं गावात नेता येतात.

मात्र डाग म्हणजे क्षयच, असं नाही. न्यूमोनिया, कर्करोग किंवा जुन्या, बऱ्या झालेल्या क्षयाचा व्रणही तसाच दिसतो. एक्स-रे संशय दाखवतो. खात्री थुंकीच्या तपासणीने होते. सीबीनॅट किंवा ट्रूनॅट यंत्र थुंकीत जंतूचा जनुकीय अंश शोधतं, रिफाम्पिसिन हे औषध त्याला लागू पडेल का तेही सांगतं. सरकारी दवाखान्यात ही तपासणी आणि औषधं मोफत आहेत.