मागचा पंख पाहिल्याशिवाय

पावसाळा लागला की बऱ्हाणपुरात यंत्रमागांच्या शेडबाहेर सकाळी पतंगांची हजेरी दिसते. रात्रभर माग चालतात, रात्रभर ट्यूबलाइट जळतात. उत्तरेकडून असीरगडाच्या डोंगरातले आणि तापीकाठच्या केळीच्या मळ्यांतले पतंग त्या उजेडावर येतात आणि उजाडताना भिंतीला चिकटून राहतात. बहुतेक सगळे तपकिरी, करडे, वाळल्या पानासारखे. हौशी माणूस मोबाइलवर फोटो काढतो, चार जाणत्यांना पाठवतो आणि विचारतो, "हा कोणता?" अशा फोटोवरून ठाम उत्तर देणे अनेकदा जाणत्यालाही जमत नाही. फोटोत दिसतात ते फक्त पुढचे पंख, आणि ते तर लपण्यासाठीच घडलेले असतात. एकाच जातीत नराचे पुढचे पंख वेगळे, मादीचे वेगळे. काही जातींत दोन सख्ख्या भावंडांचेही सारखे नसतात. त्यांच्याखाली झाकलेल्या मागच्या पंखांवर मात्र पुष्कळ जातींत नारिंगी, पिवळा, गुलाबी रंग असतो, त्यावर काळे ठिपके किंवा पट्टे असतात, आणि त्या ठिपक्यांची जागा सहसा बदलत नाही. या पतंगांची खरी ओळख तिथे आहे.

ही ओळख केवळ छंदाची बाब नाही. सातपुड्यातला साग, तापीकाठची केळी, बांधावरचा एरंड, खानदेशापासून मराठवाडा-विदर्भापर्यंतची मोसंबी, संत्री आणि डाळिंबे या सगळ्यांशी असल्या पतंगांचा संबंध आहे. नाव चुकले की उपाय चुकतो.

रंग झाकून का ठेवायचा, याचा शोध शास्त्रज्ञांनी बराच घेतला आहे. 1985 मध्ये डेब्रा श्लेनॉफ या संशोधिकेने ‘ब्लू जे’ या पक्ष्यांवर केलेले प्रयोग आजही अभ्यासकांना मार्गदर्शक वाटतात. तिने नकली पतंग तयार केले. पक्ष्याने फळीवरून ते उचलले की दडलेले मागचे पंख एकदम उघडत. करड्या पंखांची सवय झालेल्या पक्ष्यांपुढे अचानक भडक पट्ट्यांचे पंख आले की ते दचकत, काही वेळा भक्ष्य टाकून देत. तोच नमुना पुन्हापुन्हा आला की भीती ओसरे. नमुना बदलला की पुन्हा दचकत. एकाच रानात अनेक जातींचे मागचे पंख वेगवेगळे का, याचे एक कारण यातून हाती लागते. दुसरा उपयोग पळताना होतो. उडणारा नारिंगी ठिपका पाहून पक्षी पाठलाग करतो, पतंग खोडावर बसून पंख मिटतो, नारिंगी नाहीसे होते आणि पक्षी नसलेल्या वस्तूचा शोध घेत राहतो. मोठ्या आकाराच्या पतंगांत असे झाकलेले रंग अधिक आढळतात, असे 2017 मधल्या एका अभ्यासात दिसले. मोठा पतंग पक्ष्याला अधिक मोलाचा घास, आणि दचकवायला त्याच्याकडे पंखही पुरेसा मोठा.

आपल्या बाजूला या सगळ्याचा सर्वांत सहज मिळणारा नमुना म्हणजे सागावरचा हिब्लिया पुएरा. पंख पसरले तरी जेमतेम 3 ते 4 सेंटिमीटर. बसला की घराच्या उतरत्या छपरासारखा दिसतो, करडा किंवा विटकरी. मागचे पंख काळपट आणि त्यांवर नारिंगी-पिवळे वाकडे पट्टे. पहिल्या पावसानंतर सागाला लुसलुशीत पाने फुटतात आणि त्याच सुमारास या पतंगाच्या अळ्या झाडावर तुटून पडतात. पानाची कड दुमडून त्या आत बसतात, मुख्य शिरा सोडून सगळे पान खातात, आणि धाग्यावरून खाली उतरतात. अशा वेळी जंगलातून चालताना अंगावर धागे येतात, आणि वर पाहिले तर भर पावसाळ्यात साग उघडा पडलेला असतो. झाड मरत नाही, नवी पाने फुटतात, म्हणून हे नुकसान फारसे कुणाच्या हिशेबात येत नाही. केरळमधल्या नीलांबूरच्या कोवळ्या साग-लागवडीत के. एस. एस. नायर आणि सहकाऱ्यांनी मोजमाप केले, तेव्हा या अळीमुळे लाकडाच्या संभाव्य वाढीपैकी 44 टक्के वाढ बुडते असे निघाले.

सागाचीच पाने खाणारा दुसरा एक पतंग आहे, युटेक्टोना मॅकेरॅलिस. त्याची अळी पानातला हिरवा भाग खाते आणि शिरांची जाळी तशीच ठेवते. तो मुख्यतः पावसाळ्याच्या उत्तरार्धात येतो. पतंग फिकट पिवळा, पुढच्या पंखांवर लालसर नागमोडी रेघा, मागचे पंख फिके. हिब्लियावर केरळच्या वनसंशोधन संस्थेने एका विषाणूचा उपाय विकसित केला. तो हिब्लियाच्याच अळीला रोगी करणारा विषाणू आहे. जाळी झालेली पाने पाहून तोच फवारायचा विचार कुणी केला तर पैसा आणि मेहनत दोन्ही वाया जातील. काळ्यावर नारिंगी पट्टा आहे की नाही, एवढे पाहिले तरी निर्णय होतो.

केळीकडे वळू. बऱ्हाणपूर, रावेर, यावल हा केळीचा सलग पट्टा. मध्ये राज्याची सीमा आहे, पिकाला ती माहीत नाही. केळीच्या आणि एरंडाच्या पानांवर काळसर, लांब केसांचे सुरवंट दिसतात. त्यांचा पतंग ओलेपा रिसिनी. पुढचे पंख राखी-तपकिरी, त्यांवर गडद ठिपके. छेडले की मागचे पंख उघडतात, गडद गुलाबी ते लाल, त्यांवर मोठे काळे डाग, पोटही लालच. याच एरंडावर आणखी एक पाहुणा असतो, अकेया जनाटा, म्हणजे आपल्या शेतकऱ्यांची उंटअळी. तिच्या अंगावर केस नसतात आणि चालताना ती पाठीची कमान करते. तिचा पतंग तपकिरी, मागचे पंख काळे, मध्ये पांढरा पट्टा आणि कडेला पांढरे डाग. एकाच झाडाखाली सापडलेले हे दोन पतंग पंख मिटून बसले असता नवख्याला गोंधळात टाकतात. मागचा पंख दिसला की शंका उरत नाही. ओलेपाची गोष्ट आणखी वेगळी आहे. तो वाघपतंगांच्या कुळातला, आणि या कुळातल्या अनेक जाती पक्ष्यांना खायला नकोशा असतात. इतरांचा भडक रंग नुसता दचकवतो. असल्या पतंगांच्या रंगामागे खरा इशारा असू शकतो.

बाकीच्यांची नुसती नावे घेतो, कारण प्रत्येकावर लिहायचे तर अंकच पुरणार नाही. तेंदूच्या पानांवर वाढणारे हायपोकाला, मागचे पंख पिवळे आणि त्यांवर काळे डाग. उंबराच्या कुळातल्या झाडांवरचा असोटा कॅरिसी, पिवळ्या पंखांवर काळे ठिपके. महारुखावरचा एलिग्मा नार्सिसस, ज्याचा मागचा पंख अर्धा झळझळीत पिवळा आणि कडेला निळसर काळा. माझ्या मते आपल्या रानातला सर्वांत देखणा मागचा पंख हाच. आणि तिळावर वाढणारा अकेरॉन्शिया स्टिक्स, पाठीवर कवटीसारखी आकृती असलेला, पकडल्यावर चक्क चीं-चीं आवाज काढणारा, मधमाश्यांच्या पोळ्यात घुसून मध पिणारा. त्याचे मागचे पंख पिवळे, त्यांवर दोन काळे पट्टे. त्याचा भाऊबंद लॅकेसिस आकाराने मोठा, आणि त्याच्या मागच्या पंखाचे मूळही काळे असते. लोक दोघांनाही अशुभ मानतात आणि मारतात. दोघेही निरपराध आहेत.

या ओळखीचे काम इथे नवे नाही. 1883 च्या सप्टेंबरात मुंबईत आठ जणांनी एकत्र येऊन बॉम्बे नॅचरल हिस्ट्री सोसायटी स्थापली. त्यांत डॉ. आत्माराम पांडुरंग आणि डॉ. सखाराम अर्जुन हे दोन मराठी डॉक्टर होते, आणि कर्नल चार्ल्स स्विन्हो हा लष्करी अधिकारीही होता. स्विन्होला फुलपाखरे-पतंगांचे वेड होते. मुंबई आणि दख्खनच्या संग्रहावर त्याने 1885 मध्ये लिहिले, आणि 1886 मध्ये महूच्या पतंगांवर. महू म्हणजे नर्मदेपलीकडे, माळव्याच्या पठाराच्या कडेला. बऱ्हाणपूरकराला आपल्या परिसराच्या जुन्या नोंदी शोधायच्या असतील तर महूचे हे काम आणि दख्खनचे काम यांच्या मधोमधच त्याचे गाव येते. पुढे जॉर्ज हॅम्पसनने 1892 ते 1896 या काळात भारतातल्या पतंगांवर चार खंड प्रसिद्ध केले. तो आधी निलगिरीत चहाचा मळेवाला होता. आजही जुने वर्णन पडताळायचे तर त्याच खंडांकडे जावे लागते.

त्या काळचे अभ्यासक पतंग मारून, चारही पंख पसरून टाचणीला लावत. त्यामुळे त्यांच्या वर्णनांत मागचा पंख कधी सुटला नाही. आज आपण जिवंत पतंगाचा फोटो काढतो, तेच बरे, पण त्यात अर्धी माहिती झाकलेलीच राहते. मारण्याची गरज नाही. पतंग स्वच्छ काचेच्या बरणीत अलगद घेतला की तो थोड्या वेळाने काचेवर चढतो आणि पंखांची खालची बाजू दिसते. मागच्या पंखांवरचे मोठे काळे डाग खालूनही बरेचदा कळतात. उडण्याआधी मोठे पतंग अंग तापवण्यासाठी पंख थरथरवतात, तेव्हा मागची कड डोकावते. गवताच्या काडीने पुढच्या पंखाच्या कडेला हलका स्पर्श केला तर पुष्कळ जण पंख झटकन उघडतात. कॅमेरा मात्र आधीच तयार हवा. सोबत तारीख, जागा आणि जवळचे झाड लिहून ठेवावे.

आता ज्यांच्यासाठी हे सगळे शिकावे असे मला सर्वांत जास्त वाटते, ते पतंग. शेतकरी त्यांना फळातील रस शोषणारे पतंग म्हणतात. शास्त्रीय वंश युडोसिमा. जुन्या कृषी पुस्तकांत ओथ्रेइस. पंख पसरल्यावर 8 ते 10 सेंटिमीटरचा ऐवज. पुढचे पंख हुबेहूब वाळके पान, शिरेसकट. मागचे पंख पिकल्या आंब्याच्या रंगाचे. आपल्याकडच्या दोन मुख्य जाती मागच्या पंखावरून क्षणात वेगळ्या होतात. मधोमध एक गोल काळा ठिपका आणि कडेला काळी पट्टी असेल तर मटेर्ना. गोल ठिपक्याऐवजी वाकलेला मोठा काळा डाग असेल तर फॅलोनिया. त्याच्या मादीच्या पुढच्या पंखावर पांढुरका त्रिकोणही असतो. सॅलामिनिया तिसरा: डाग वाकडाच, पण पुढचा पंख हिरवा आणि त्याची वरची कड रुंद, दुधी रंगाची.

मटेर्नाला फळावर बसलेला बघायचा असेल तर पावसाळ्याच्या अखेरीस, अंधार पडल्यावर मोसंबीच्या बागेत बॅटरी घेऊन जावे. आधी डोळे दिसतात, निखाऱ्यासारखे तांबूस. जवळ गेले की तो सोंड फळात खुपसून बसलेला असतो. ही सोंड नेहमीच्या पतंगासारखी मऊ नसते. टोक कठीण, धारदार, त्यावर उलट्या आकड्या. सोंडेचे दोन अर्धे भाग आळीपाळीने पुढेमागे सरकवत तो सालीत भोक पाडतो. सकाळी फळावर टाचणीने टोचल्याइतकेच छिद्र दिसते. नंतर त्याभोवतीचा भाग मऊ, तपकिरी पडतो, बुरशी आत शिरते आणि फळ गळते. आंबिया बहाराची फळे ऑगस्ट ते ऑक्टोबरमध्ये पक्व होत येतात आणि पतंगांचा जोरही तेव्हाच असतो. केळीला त्याचा फारसा त्रास होत नाही, कारण आपल्याकडे केळी हिरवी असतानाच कापून गाडीत भरतात.

फळावर बसलेला प्रत्येक पतंग मात्र गुन्हेगार नसतो. काहींची सोंड साल फोडू शकत नाही. ते युडोसिमाने पाडलेल्या भोकातून किंवा पक्ष्याने चोचलेल्या जागी रस पितात. शेतकरी दहा पतंग मोजतो तेव्हा त्यांत भोक पाडणारे किती हे मागच्या पंखावरून ठरवता येते, आणि उपायावर किती खर्च करायचा तेही त्यावरून ठरते.

बागेत अळी शोधून सापडत नाही. युडोसिमाच्या अळ्या फळझाडावर वाढतच नाहीत. त्या वाढतात गुळवेल, वासनवेल अशा वेलींवर. अळी गडद, मखमली, दोन्ही बाजूंना डोळ्यांसारखे मोठे ठिपके; हात लावला की डोके खाली दुमडते आणि शेपटी उंच करते. म्हणून कृषी सल्ल्यांत बांधावरच्या या वेली काढून टाका असे सांगतात. मला हा सल्ला अर्धवट वाटतो. गुळवेल औषधी आहे, 2020 च्या साथीनंतर तर ती घरोघरी कुंपणावर चढली. आणि हे पतंग दूरवर उडणारे आहेत. बागेचा बांध मोकळा केला तरी सातपुड्याच्या उतारावरच्या वेली तशाच राहतात आणि तिथून पतंग येतातच. त्यापेक्षा फळांना पिशव्या घालणे, गळालेली फळे रोज उचलून पुरणे, आणि संध्याकाळी बागेत धूर करणे हे परवडते. जपानमध्ये बागांत पिवळे दिवे लावतात. त्या उजेडात पतंगाच्या डोळ्यांना दिवस असल्याचा भास होतो आणि तो हलत नाही. आपल्याकडे सौर दिवे स्वस्त झाले आहेत, तेव्हा कुणी प्रयोगशील बागायतदाराने हे करून पाहावे. त्याआधी बागेतल्या पतंगांपैकी मटेर्ना किती, फॅलोनिया किती आणि नुसते पाहुणे किती, याची आठ-पंधरा रात्रींची नोंद मागच्या पंखाच्या फोटोसह ठेवावी. दिवा लावल्यावर तीच नोंद पुन्हा घेतली की फरक पडला की नाही ते त्याला स्वतःलाच दिसेल, आणि शेजारच्या गावातल्या बागायतदारालाही दाखवता येईल.